ऑडी क्यू-७: जुनी ३४०, नवी ३४०, डिझेल २४९, पेट्रोल २५२. घोडे सारखे, मग गाड्या वेगळ्या काहून?

ढेपवाला_जालना

नमस्कार मंडळी. मी जालन्याचा. मोंढ्यात सरकी-ढेपेचं दुकान आहे. दोन पिढ्या तोलण्यात गेल्या, त्यामुळं आकड्याला मी भीत नाही. पोतं हलवून ढेपेत ओल किती ते सांगतो. पण तीन आठवडे झाले, एका गाडीच्या आकड्यांनी डोक्याचा भुगा केलाय.

गाडी ऑडी क्यू-७. तीच काहून ते आधीच सांगतो. दर मंगळवारी मी वसुलीला संभाजीनगरला जातो. वाटेत शेंद्र्याची एमआयडीसी लागते. एकदा आमचे आबा शेजारी बसलेले. म्हणले, "ही गाडी इथं जुळती, अन् आपण तिच्या अंगणातून स्कॉर्पिओ घेऊन जातो." आबा पुढच्या नाक्याला विसरून गेले. माझ्या डोक्यातून काही ते जात नाही.

नवी घेण्याची ऐपत नाही, जुनीच बघू राहिलो. सध्या समोर चार पर्याय:

पहिली, २०११ची. दिल्ली पासिंग. एक एजंट दाखवतो. मागं ४.२ टीडीआय लिहिलंय. "शेठ, आठ सिलिंडर, ३४० घोडे, असली परत होणे नाही." साडेअकरा लाख सांगतो.

दुसरी, २०१६ची ४५ टीडीआय, डिझेल. संभाजीनगरच्या एका डॉक्टरांची, एकहाती. २४९ हॉर्सपॉवर. सव्वीस सांगतात, चोवीसला येतील असं वाटतं.

तिसरी, २०१८ची ४० टीएफएसआय, पेट्रोल, दोन लिटर इंजिन. २५२ हॉर्सपॉवर. नाशिकला आहे. फोटोत तर चकाचक दिसते.

चौथी माझ्याजवळ नाही, मेहुण्याच्या तोंडात आहे. तो पुण्याला असतो. म्हणतो, "दाजी, दोन वर्षं थांबा, २०२२ नंतरची ५५ टीएफएसआय बघा, ३४० आहेत." त्याला थांबायला काय जातं.

आता माझा गोंधळ बघा. पहिलीला ३४०, चौथीलाही ३४०. दुसरीला २४९, तिसरीला २५२. म्हणजे तराजूत दोन्ही पारडी बरोबर. मग जुन्या गाडीत ४.२ लिटरला जेवढे घोडे, तेवढेच नवीत तीन लिटरला कसे? अन् दोन लिटरचं पेट्रोल तीन लिटरच्या डिझेलच्या वर कसं गेलं? एका ठिकाणी जुन्या गाडीला २४५ लिहिलंय, दुसरीकडं २०१६च्या गाडीलाही २४५च लिहिलंय. मेहुणा म्हणतो इंजिन तेच, बॉडी बदलली.

माझा वापर लिहितो, नाहीतर कोणीतरी विचारणारच. रोज घर ते दुकान चार किलोमीटर. मंगळवारी संभाजीनगर, जाऊन-येऊन सव्वाशे. महिन्यातून एकदा बहिणीकडं लातूरला, अंबड, वडीगोद्री, बीड, मांजरसुंबा, केज, अंबाजोगाई असं. लग्नसराईत सात माणसं अन् मानपानाच्या पिशव्या. समृद्धीवर वर्षातून दोन-तीनदा, निधोन्याहून चढतो.

एजंट रोज फोन करतो. इसार म्हणून एकावन्न हजार टाका म्हणतो. टाकू का?

---

पांढरी_फॉर्च्युनर_लातूर

भाऊ, फॉर्च्युनर घ्या. विषय संपला.

२००९ला १७१ होते, २०१६ला १७७, २०२१ला २०४. बारा वर्षांत तेहेतीस घोडे वाढले फक्त. तरी विकायची म्हणलं की दारात रांग. लातूरला बहिणीकडं येताच, तर या एकदा, आपली चालवून बघा.

---

ढेपवाला_जालना

दादा, तुमची गाडी चांगलीच आहे. पण जालन्यात पांढरी फॉर्च्युनर उभी केली की लोक आधी विचारतात, "कोणत्या पक्षाची?" मला ढेप सगळ्यांनाच विकायची असते.

---

गॅरेज_वाळूज

शेठ, एक रुपया टाकू नका अजून. आधी आरसीचा फोटो मागवा, दोन्ही बाजूंचा. त्यावर क्युबिक कपॅसिटी, म्हणजे इंजिनचा सीसी, लिहिलेली असते. ४.२ डिझेल असेल तर ४१३४ दिसायला पाहिजे. २९६७ दिसलं तर ती तीन लिटरची व्ही-६, म्हणजे सहा सिलिंडरची आहे, मागं काहीही लिहिलेलं असू द्या. ती अक्षरं सुटी मिळतात अन् दोन्हीकडून चिकटणाऱ्या टेपने बसतात. मी स्वतः गिऱ्हाइकाच्या सांगण्यावरून काढलीत, लावलीतही. लावायला दोन मिनिटं लागतात.

आता तुमच्या घोड्यांचं.

पहिला घोळ मापाचा आहे. घोडे मोजायची मापं दोन, बीएचपी अन् पीएस, अन् ती सारखी नसतात. पीएस थोडा लहान, म्हणून आकडा मोठा दिसतो. २४९ पीएस म्हणजे २४५ बीएचपी. तुम्ही जो २४५ दोन्ही गाड्यांना बघितला, त्यातला जुन्या गाडीचा २४५ हा पीएसमधला, अन् २०१६चा २४५ हा बीएचपीमधला. तुम्ही कच्चा क्विंटल अन् पक्का क्विंटल एकाच वहीत मांडला. किलोवॅट बघत जा, तिथं लबाडी चालत नाही. डिझेल तीन लिटर: सुरुवातीची १७१ किलोवॅट, २०११च्या आसपासची १८०, दुसऱ्या पिढीची भारतातली १८३. दोन लिटर पेट्रोल १८५. ४.२ डिझेल आधी २४०, नंतर २५०. अन् २०२२ची पेट्रोल २५०.

दुसरा घोळ मागच्या आकड्यांचा. ४०, ४५, ५५ याचा लिटरशी काही संबंध नाही. २०१७ साली कंपनीनं जगभरासाठी ठरवलं की हे आकडे किलोवॅटच्या पट्ट्यावरून द्यायचे. ४५ म्हणजे १६९ ते १८५, ५५ म्हणजे २४५ ते २७५, असं. पण आपल्याकडं २०१७ला आलेली पेट्रोल ४० नावानं आली, अन् तिची ताकद १८५. ४०च्या पट्ट्यात बसतच नाही, ४५च्या पट्ट्यात जाते. त्यामुळं ते वाचून काही ठरवू नका.

तिसरी गोष्ट खरी. घोडे कुठल्या आरपीएमला मिळतात ते कोणी सांगत नाही. हिशोब सोपा आहे, तुम्ही व्यापारी माणूस, लगेच बसेल. एनएम म्हणजे इंजिनची ओढ, आरपीएम म्हणजे इंजिनचे मिनिटाला फेरे. एनएम गुणिले आरपीएम, भागिले ७०२४. येतो तो पीएस, त्या क्षणाचा. घाटात, गावातून, मोंढ्यातून गाडी २००० आरपीएमच्या आसपास फिरते. तिथलं काढून बघा:

सगळ्यात जुनी तीन लिटर डिझेल, ५०० एनएम, २००० ला १४२ घोडे.
२०११ची तीन लिटर, ५५० एनएम, १५७.
४.२ डिझेल, ७६० एनएम, २१६.
२०१६ची तीन लिटर, ६०० एनएम, १७१.
दोन लिटर पेट्रोल, ३७० एनएम, १०५.
२०२२ची ३४० वाली पेट्रोल, ५०० एनएम, १४२.

शेवटचा आकडा परत वाचा. ३४० घोड्यांची नवी पेट्रोल अन् २३३ घोड्यांची सगळ्यात जुनी डिझेल, २००० आरपीएमला दोघी बरोबरीत. बाकीचे घोडे पेट्रोल देते, पण ५००० च्या पुढं. तिथवर पाय दाबून ठेवायची हिंमत अन् रस्ता, दोन्ही पाहिजेत. समृद्धीवर चढताना मिळेल. मोंढ्यात ढेपेच्या टेम्पोमागं नाही मिळणार.

तुमची २४९ अन् २५२ची जोडी पण अशीच. कागदावर पेट्रोल तीन घोड्यांनी पुढं. २००० ला डिझेल सहासष्ट घोड्यांनी पुढं.

---

ढेपवाला_जालना

गॅरेजवाले भाऊ, हे मी दुकानात पाटीवर मांडून बघितलं. बरोबर येतं. हमाल विचारू राहिले शेठ कशाचा भाव काढताय.

पण एक सांगा, आमच्या शेतातल्या ट्रॅक्टरला ४५ एचपी आहे. तुमच्या सूत्रानं २००० आरपीएमला १६०च्या आतबाहेर एनएम येतो. मग तो उसाच्या दोन ट्रॉल्या ओढतो कसा? ही ६०० एनएमची गाडी ओढेल का?

---

गॅरेज_वाळूज

गिअर, शेठ. ट्रॅक्टर इंजिनची ओढ गिअरमध्ये कित्येक पटीनं वाढवतो अन् बदल्यात पळ सोडून देतो. म्हणून तो चालीनं जातो. घोडे तेवढेच राहतात, ओढ अन् वेग यांची अदलाबदल होते फक्त. क्यू-७ पण हेच करते. पहिली पिढी सुरुवातीला सहा गिअरची होती, २०१०च्या सुमारास आठ झाले. दोन गिअर जास्त म्हणजे इंजिन जिथं जोरात असतं तिथंच त्याला धरून ठेवता येतं. २०११ची जुनी जुनी म्हणून बघताय, पण तिला आठ गिअर असणार, हे तिच्या बाजूचं आहे.

अन् मेहुण्यांना सांगा, इंजिन तेच नाही. सीसी तोच, २९६७. आतलं बरंच बदललं. त्यापेक्षा मोठी गोष्ट म्हणजे वजन. दुसरी पिढी २०१५ला आली तेव्हा कंपनीनं ३२५ किलोपर्यंत कमी केल्याचं सांगितलं होतं. ३२५ किलो म्हणजे तुमची साडेसहा पोती, पन्नासची. ती रोज डिकीत घालून फिरायची की उतरवून ठेवायची? शंभरला पोहोचायला कंपनीचा आकडा पहिल्या २३३ वाल्या गाडीचा ९.१ सेकंद, भारतातल्या २४९ वाल्याचा ७.१. घोडे वाढले सोळा, सेकंद गेले दोन. हे दोन सेकंद वजनानं दिले, गिअरनं दिले, एनएमनं दिले. सोळा घोड्यांनी नाही.

---

स्टेअरिंग_बीड

राम राम मालक. मी ड्रायव्हर हाव. बीडच्या एका ठेकेदाराकडं अकरा वर्षं झाली. त्यांच्याकडं आधी पहिल्या पिढीची तीन लिटर होती, २३३ वाली, सहा गिअरची. ती चार वर्षं चालवली. आता २०१७ची ४५ टीडीआय आहे, ती माझ्याच हाताखाली. गॅरेजवाले भाऊ बोलले ते कागदावरचं, मी पायाखालचं सांगतो.

तुम्ही लातूरला जाताना मांजरसुंब्याचा घाट चढता. डिसेंबर-जानेवारीत तिथं उसाची वाहनं असत्यात, ट्रॅक्टरला दोन ट्रॉल्या, वर टेपवर गाणं लावलेलं, मागं लाईट नाही. जुन्या गाडीत आम्ही सात जण तुळजापूरला निघालो होतो. म्हातारी माणसं मागं. पुढं असलाच ट्रॅक्टर. रस्ता मोकळा दिसला म्हणून पाय दिला. गाडी आधी बसली. म्हणजे नाक वर झालं, आवाज बदलला, गिअर खाली पडला, अन् मग उचलली. उचलली ती अशी की मागच्या आज्जी "आगं आई" म्हणल्या. पण ते मधलं जे बसणं आहे ना, एक श्वासभर, ते मला आधीच धरावं लागायचं. मोकळं दिसायच्या थोडं आधी पाय द्यायचा. चार वर्षांत ते अंगात भिनलं होतं. जड बैलाला मी तसंच हाकतो, कासरा ओढल्यावर तो जागा सोडतो तोवर मनात एक आकडा मोजायचा.

नवी आली तेव्हा पहिल्या दिवशी त्याच घाटात मी सवयीनं आधीच पाय दिला. गाडी लगेच निघाली. ट्रॅक्टरच्या बूडाजवळ जाऊन ब्रेक मारावा लागला. मालक मागं पेपर वाचत होते, चष्मा खाली आला. तवापासून पाय उशिरा देतो.

कागदावर दोन्हीत सोळा घोड्यांचा फरक. माझ्या पायाला विचारलं तर दोन वेगळ्या जनावरांचा फरक.

पेट्रोल ३४० वाली मी एकदाच चालवली. मालकांच्या मित्राची, जालन्याहून शिर्डी, समृद्धीवरून. आवाजच नाही आवं. डिझेलला मी कानानं चालवतो, इंजिन घुमलं की कळतं किती पळतीय. हिच्यात काट्याकडं बघितलं तवा १२०च्या पुढं गेलेला, अन् तिथं हद्दच १२०ची. पाय काढला. मित्र म्हणले काहून काढला, दाब. म्हणलं, चालान तुमच्या नावानं येतं, शिव्या माझ्या नावानं.

ऍव्हरेज विचारताल तर मला आमच्या डिझेलला लांबच्या रस्त्याला बारा मिळतो, गावात नऊच्या आसपास. त्या पेट्रोलला त्या दिवशी आठ दाखवत होता, अन् ते बी हायवेला.

---

हिशोबनीस_नांदेड

इंजिनवर सगळे बोलतायत, कागदावर कोणीच नाही.

दिल्ली पासिंगची डिझेल गाडी स्वस्त का असते, तर तिथं दहा वर्षांवरच्या डिझेल गाड्यांना एनजीटीच्या (हरित लवादाच्या) आदेशानं अन् पुढं २०१८ साली सुप्रीम कोर्टानं तो कायम ठेवल्यानं रस्त्यावर जागा उरली नव्हती, २०२५पर्यंत तरी. त्या काळात तिकडची जुनी डिझेल माणसं पडेल भावात काढत आली अन् ती आपल्याकडं आली. स्वस्त आहे म्हणून लगेच खराब समजू नका. पण साडेअकरामध्ये काय काय आलं ते विचारा. एनओसी, महाराष्ट्राचा टॅक्स, इथला नंबर. अन् २०११ची म्हणजे पंधरा वर्षांचा आकडा आला, रिपासिंगचा खर्च वेगळा. तो एजंट तुम्हाला घोडे मोजायला लावतोय, म्हणजे महिने मोजायला विसरावं.

आणि फर्मच्या नावावर घ्यायचा विचार असेल तर आधी तुमच्या सीएला विचारा. महाराष्ट्रात वैयक्तिक नावावर पेट्रोलचा रोड टॅक्स कमी, डिझेलचा त्याहून जास्त, अन् कंपनीच्या नावावर सगळ्यात जास्त. घोड्यांवर टॅक्स नसतो, किमतीवर असतो. तेवढं बरं आहे.

---

मोसंबी_अंबड

विषयाला सोडून बोलतो, माफ करा. २०१० साली औरंगाबादकरांनी एका दिवसात १५० मर्सिडीज उचलल्या होत्या. पेपरात आलं होतं, सगळ्या मिळून ६५ कोटींच्या. तेव्हापासून आमच्याकडं म्हण आहे, मोसंबीला भाव आला की आधी विहीर, मग गाडी, मग उरलं तर खत.

विषयावर: पेट्रोल घेताय तर आता पंपावर ई-२०, म्हणजे वीस टक्के इथेनॉलचं पेट्रोल मिळतं, गाडी त्यासाठी चालते की नाही ते टाकीच्या झाकणाच्या आतल्या बाजूला वाचा. २०१८चीत काय लिहिलंय ते नाशिकवाल्याकडून फोटो काढून मागवा.

---

ढेपवाला_जालना

अपडेट देतो. काल रात्री एजंटला म्हणलं आरसीचा फोटो टाक. त्यानं एका बाजूचा टाकला. म्हणलं दुसऱ्या बाजूचा. म्हणतो, "शेठ, विश्वास नाही का?" म्हणलं, "विश्वास आहे, चष्मा नाही. नीट दिसेल असा टाक." सकाळी अकराला आला फोटो.

२९६७.

मी दुकानात एकटाच हसलो. हमालानं पाणी आणून दिलं. एजंटला फोन केला. म्हणतो, "मला पण मागच्या मालकानं तसंच सांगितलं होतं, पण शेठ, ताकद बघा, कोण विचारतं सीसी." त्या दोन अंकी अक्षरांसाठी तो माझ्याकडून साधारण तीन लाख जास्त मागत होता असं आता वाटतंय. इसार दिला नव्हता, ते या मंडळींमुळं. गॅरेजवाले भाऊ, एक पोतं ढेप तुमच्या म्हशीला पाठवतो. म्हैस नसली तर घ्या.

आता नाशिकची पेट्रोलही मी मनातून काढून टाकलीय. २००० ला १०५ घोडे अन् सात माणसं, वर मांजरसुंबा. स्टेअरिंगवाले दादा म्हणले ते बसणं मला सोसायचं नाही, माझ्या सासूबाई मागं असतात.

राहिली डॉक्टरांची २०१६. गॅरेजवाले भाऊ, रोज चार किलोमीटर चालवून डिझेलचं काही बिघडतं का? मेहुणा म्हणतो फिल्टर चोक होतो.

---

गॅरेज_वाळूज

मेहुणे या एका बाबतीत बरोबर आहेत. सायलेन्सरच्या वाटेवर काजळीचा फिल्टर असतो. ती काजळी आत जाळायला गाडी चांगली तापून तशीच चालत राहावी लागते. रोज चार-चार किलोमीटर केलं तर काजळी साचते, जळायला वेळ मिळत नाही. पण तुमचा मंगळवार आहे ना. जाताना साठ, येताना साठ, तेही एका चालीत. तेवढं पुरतं. एखादा मंगळवार चुकवला तर बिघडत नाही, दोन महिने चुकवू नका. त्या फिल्टरचा दिवा लागला तर घाबरून गाडी बंद करू नका, करमाडपर्यंत चालवा.

बघायला जाल तेव्हा तीन गोष्टी. इंजिन थंड असताना जा. डॉक्टरांना आधीच सांगा, चालू करून ठेवू नका. या व्ही-६ डिझेलची टायमिंग चेन पुढं नाही, मागं, गिअरबॉक्सच्या अंगाला आहे. थंड इंजिनला पहिल्या दोन-तीन सेकंदांत मागून खडखड येते का, कान लावून ऐका. आली तर काम मोठं, इंजिन खाली उतरवावं लागतं. दुसरं, स्कॅनर लावून बघायचा अन् विचारायचं की घोडे वाढवायला कोणी चिप टाकली होती का. कागदावर २४९ अन् आत २९० असलेली गाडी पहिल्या दिवशी गोड लागते. गिअरबॉक्सला ती गोड लागत नाही, विम्यालाही नाही. तिसरं, हवेवरची सस्पेन्शन असेल तर रात्रभर उभी राहिल्यावर सकाळी एखादा कोपरा खाली बसलाय का ते बघा. म्हणून पण सकाळीच जा.

---

स्टेअरिंग_बीड

टायर बी बघा मालक. टायरच्या बाजूला शेवटी चार आकडे असत्यात. पहिले दोन आठवडा, पुढचे दोन वर्ष. २२१७ म्हणजे २०१७चा बावीसावा आठवडा. डॉक्टर लोकं गाडी कमी चालवत्यात, टायर झिजत नाही, नुसता म्हातारा होतो. तसल्या टायरवर मे महिन्यात समृद्धीच्या सिमेंटवर दोन टन पळवायचं म्हणजे मग घोडे २४९ असू द्या की ३४०, काही कामाचे नाहीत.

गाडी बघायला मला घेऊन चला, मी मंगळवारी मोकळा आहे. मालक मुंबईला गेलेत. चहाशिवाय काही घेणार नाही.

---

ढेपवाला_जालना

दादा, ठरलं. मंगळवारी सकाळी साडेसहाला वडीगोद्रीच्या फाट्यावर या, तिथून मी उचलतो. साडेआठपर्यंत डॉक्टरांच्या दारात. त्यांना फोन करून सांगितलंय गाडी चालू करू नका. ते म्हणले, "पेशंट तपासायला येताय का?" म्हणलं हो, उपाशीपोटी पाहिजे.

आबांनाही सांगितलं. एनएम, आरपीएम, किलोवॅट, सगळं पाटीवर मांडून दाखवलं. त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. मग म्हणले, "ते असू दे. धोतर नेसून मागं चढता येतं का ते बघ. त्या स्कॉर्पिओत मला दोघं लागत्यात."

कोणाला माहिती असेल तर सांगा, हवेवरची असली तर ती खाली बसते का माणूस चढायला?

---

स्टेअरिंग_बीड

मागची बाजू बसते. डिकीत बटण असतं, सामान चढवायला दिलंय. आबांना डिकीतून चढवायचं नसेल तर पायरी लावून घ्या. मी मंगळवारी उंची मोजून देतो, येताना टेप आणतो.